धोंडीरामतात्यांची कवळी आणि बारावा नारळ

"सूप फिरलं होऽऽ, चंद्रभागा घावली होऽऽ..."

वैष्णवी सात वर्षांची असताना गल्लीतून गेलेला दवंडीवाल्याचा तो आवाज. कुणाचं तरी पैंजण गेलं, मंतरलेलं सूप फिरवलं, ते शेजारच्या चंद्रभागाबाईकडं वळलं. आठवड्याच्या आत ती बाई पोरं आणि भांडी घेऊन गाव सोडून गेली. पैंजण पुढं ज्वारीच्या कणगीत सापडलं. त्याची दवंडी मात्र कुणी दिली नाही.

म्हणूनच की काय, नेकनूरच्या बसस्टँडजवळ झेरॉक्सचं दुकान चालवता चालवता वैष्णवीला जुन्या गुन्ह्यांचा नाद लागला. कोर्टाचे निकाल, पेपरातली कात्रणं, तक्रारींच्या नकला. सुट्टीच्या दिवशी ती जिल्हाभर हिंडायची, साक्षीदारांच्या ओसरीवर बसायची, वही भरायची. नेमलं कुणी नव्हतं, पगार नव्हता. गाव तिला 'बिनपगारी फौजदार' म्हणायचं.

आज मंगलनं तिला बोलावलं होतं. मंगल शाळेत खिचडी शिजवायची आणि सकाळी धोंडीरामतात्यांकडं धुणीभांडी करायची. तात्यांनी बीडहून करून आणलेली नवीकोरी कवळी वाटीतल्या पाण्यातून गायब झाली होती.

"चोर ठरले तर शाळेत चुलीपाशी कोण उभं करील मला, ताई?"

"पण तू कवळी नेशील कशाला?"

"म्याबी तेच म्हणलं. तर तात्या खुणेनं सांगतेत, इकायला."

"कुणाला?"

"ते अजून ठरलं न्हाई त्यांचं."

तात्यांच्या अंगणात पाय ठेवायला जागा नव्हती. वडवणीच्या बाजाराला निघालेली माणसंही वाट वाकडी करून आली होती. मधोमध नारळबाबा उत्तरेश्वर. पूर्वी तो पाण्याची जागा सांगायचा. ओळीनं तीन बोअर कोरडे गेले, तेव्हा पाणी सोडून चोरांकडं वळला.

"आभाळ बांधतो, पाताळ सांधतो, चोराच्या सावलीला शेंडीनं बांधतो," बाबा गरजला. तळहातावर नारळ आडवा निजलेला.

तात्यांच्या शेजारचा सुग्रीव वैष्णवीला कुजबुजला, "माझ्या बोअरला बी ह्येच म्हणलं होतं. तवा चोराच्या जागी पाणी होतं."

ज्याच्यापुढं नारळ उभा राहील तो चोर. एकेक जण समोरून गेला. सातवी मंगल आली, आणि झोपलेलं लेकरू उठून बसावं तसा नारळ सावकाश उभा राहिला. गर्दीचे हात जोडले गेले.

वैष्णवी वही उघडत पुढं झाली. "बाबा, तुमच्या अकरा केसी माझ्याकडं लिहून हायत. अकराही घरी जाऊन आले. नारळ उठला तो मोलकरणीपुढं, गड्यापुढं, माहेर नसलेल्या सुनंपुढं. घरमालकापुढं एकदाबी न्हाई. आणि दर बारीला मालकानं आपला संशय तुमच्या कानात आधीच घातलेला. चार ठिकाणी तर वस्तू घरातच सापडली."

"देवाला वही दाखवती का गं?"

"देवाला न्हाई, तुमाला. डोळ्यावर पट्टी बांधून दाखवा. नारळाला त्याचे तीन डोळे हायतच की."

गर्दी हसली आणि बाबाची पंचाईत झाली. पट्टी बांधली. वैष्णवीनं ओळ बदलली, सगळ्यांना गप्प केलं. दुसऱ्या नंबरला मंगल गेली, नारळ निजलेला. चौथ्या नंबरला तात्या गेले, निजलेला. बाबा मनात पावलं मोजत होता; मघाशी मंगल सातवी होती. सातव्या जागी सुग्रीवनं आपलं रेडकू आणून उभं केलं.

नारळ डौलात उभा राहिला. रेडकाला अजून स्वतःचेच दात धड आले नव्हते.

"घ्या," सुग्रीव म्हणाला. "झडती घ्या आता याची."

हसू ओसरल्यावर वैष्णवीनं नारळ तात्यांच्या हातावर ठेवला. "शेंडी बोटांकडं. आता बोटं हळूच वर उचला. नारळाचं बूड जड असतंय, ते मनगटाकडं टेकतंय." तात्यांच्या हातावर नारळ उभा राहिला. तात्या आपल्याच हाताला भ्याले. "यात मंतर न्हाई, तात्या. मनात ज्याचं नाव, त्याच्यापुढं बोटं हलतेत. चोर शोधायचा तर जागा बघा, वेळ बघा, कोण कुठं होतं ते विचारा. नारळाला विचारून एखादीचं जिणं मोडू नका."

तात्या तोंडाचं बोळकं हलवून काहीतरी तावातावानं बोलले. कुणालाच कळलं नाही.

मग दारातून त्यांची बायको, सत्यशीलाकाकू, पुढं आल्या. त्यांनी मंगलला हाताला धरून जवळ घेतलं आणि पदराची गाठ सोडली. गाठीत कवळी होती.

"मंगल, मघाशीच बोलायला पायजे होतं बाई. भ्याले मी," काकू म्हणाल्या, आणि नवऱ्याकडं बघत राहिल्या. "आठ महिने ह्यांना दात नव्हते. काय शिव्या देतेत ते कळत नव्हतं. लगीन झाल्यापासून तेवढेच दिवस सुखाचे गेले मला."