दुसरी चाल

मेलेल्या नवऱ्याच्या, पुंजारामांच्या उशाशी बसून मालनबाईंनी हेल काढला, तशी दारातली गर्दी एकदम गप झाली. "अवो धनी, मला कुनाच्या भरवशावर..." एवढंच झालं असेल, तोच मागून कुणीतरी कुजबुजलं, हीच ती चाल, पिच्चरमधली. दोन मोबाईल वर झाले. मालनबाईंनी ते पाहिलं आणि पदराचा बोळा तोंडात कोंबला. पुंजारामांची तिरडी घरातून निघाली तरी त्यांनी हूं की चूं केलं नाही. शेजारी उभ्या कल्याणला, त्यांच्या मुलाला, मेल्याहून मेल्यासारखं झालं.

तसं आईनं ते रडणं त्याला राजीखुशीनंच दिलं होतं. कल्याण छोट्या, चार मित्रांनी मिळून काढलेल्या सिनेमांना संगीत द्यायचा. एकात मरणाचा प्रसंग होता, अन् तिथं कुठलंच वाद्य पुरेना. मग त्यानं राहुरीहून आईला आपल्या सावेडीच्या फ्लॅटवर आणलं, भिंतींना गोधड्या टांगल्या आणि तिला माईकपुढं बसवलं. स्वतःची आई आठवून ती माउली अशी काही रडली, की त्याला रेकॉर्डिंग थांबवायचं भान राहिलं नाही. सिनेमा देशोदेशी फिरला, कल्याणचं नाव झालं. ती चाल मोबाईलवरून घरोघर गेली. पोरं खेळताना म्हणायची, मालनबाईही हसायच्या. कौतुकच होतं की सगळं!

दहावा उरकला, पाहुणे पांगले. मालनबाईंचे डोळे कोरडे ते कोरडेच. अन्नावरची वासना उडालेली. एकदा रडून मोकळी हो, म्हणून कल्याणनं परोपरीनं विनवलं.

"तोंड उघडलं की तेच येतंय रं," त्या म्हणाल्या. "अन् मग वाटतंय, मी ह्यांच्यासाठी रडत न्हाई, तुझ्या पिच्चरात रडतीय."

 

मालनबाईंनी त्याचा हात धरला.

"तू चाली बसवितोस नव्हं? मला एक दुसरी बसवून दी. बारकीशी. पन कुनाला दिऊ नगस."

कल्याणनं पेटी पुढं ओढली. बोटं फिरवली, थांबला, पुन्हा फिरवली. मालनबाई डोळे मिटून ऐकत होत्या.

"ही न्हाई."

त्यानं सूर बदलला.

"हीबी तीच हाय, बाळा."

शेवटी पेटी बाजूला सारून कल्याणनं त्यांच्या मांडीवर डोकं टाकलं आणि तो ढसाढसा रडला. मालनबाई त्याला थोपटत राहिल्या. त्यांना काही रडू आलं नाही.