सोनवळची ओली लक्ष्मी

शके सतराशे शहाऐंशीच्या माघात सोनवळ गावी साक्षात लक्ष्मी प्रकाशरूपाने उतरली, आणि याला अख्खं गाव साक्षी आहे. उतरली ती नत्थुजींच्या कोठीत, कापसाच्या ढिगाखाली, गोवऱ्यांच्या शेजारी. तिने पाटलांचं घर सोडून ही जागा का निवडली, हे पाटलांना शेवटपर्यंत समजलं नाही.

सोनवळ अमरावतीजवळच्या भातकुलीपासून दोन कोसांवर. त्या साली समुद्रापलीकडच्या एका मुलखात भाऊबंदांची लढाई पेटली होती, तिथला कापूस विलायतेला जात नव्हता, म्हणून वऱ्हाडातल्या बोंडाला सोन्याचा मान आला होता. गाव मनापासून दोन्ही पक्षांना दीर्घायुष्य चिंतत होतं. नत्थुजींनी तर ज्वारीच्या वावरातही कपाशीच लावली. अंगणात जमिनीखाली धान्य साठवायचं पेव होतं, ते दिवाळीनंतर रिकामं झालं. कापूस अमरावतीला विकायचा आणि येताना गाडीभर ज्वारी आणायची, असा बेत होता. घरात आता चार दिवसांच्या भाकरींपुरतं पीठ उरलं होतं.

एका दुपारी त्यांची बायको सुभद्रा गोवऱ्या काढायला अंधाऱ्या कोठीत गेली आणि दारातूनच ओरडली, "अवो, इकडे या बरं! कापसात दिवा कोनी ठेवला?"

"कापसात दिवा ठेवाले मी येडा आहो काय?"

"मंग तुमीच पाहा."

ढिगाच्या तळाशी, जिथे बाभळीच्या ओंडक्यांवर कापूस रचला होता, तिथून हिरवट, गार उजेड येत होता. हात लावला तर चटका नाही. नत्थुजींना मात्र एक गोष्ट आठवली.

गाडी निघायच्या आदल्या संध्याकाळी कापसावर पाणी शिंपडायचं, म्हणजे तो वजनाला बरा भरतो, ही सोनवळची रीत. ती कोणी कोणाला शिकवली नाही, आणि कोणी उच्चारतही नसे. नत्थुजींनीही चार घागरी शिंपडल्या होत्या. पण सकाळी गाडीच्या चाकांचा आख मोडला. सुतार अकोल्याला लेकीच्या घरी गेलेला. तो येईस्तोवर दार लावून कापूस तसाच पडून होता, तब्बल पंधरा दिवस. आता आख बसला होता, बैल पोटभर खाऊन उभे होते, आणि हे निघालं.

तासाभरात पाटील, जानराव, आले. त्यांनी उजेड पाहिला, पागोटं सारखं केलं आणि निकाल दिला.

"लक्ष्मी आहे. सात दिवस पूजा होईन. ढिगाले हात लावाचा नाही."

"पाटील, गाडी जुंपून राहिलो ना मी! बाजार..."

"लक्ष्मीले गाडीत घालून बाजारात नेतं काय रे नत्थू? काहून घाई?"

घाई काहून, ते सांगता येत नव्हतं. पूजेला पहाटे पाटील स्वतः तांब्याभर नदीचं पाणी ढिगावर शिंपडत, मग गावातल्या बायका. तिसऱ्या दिवशी उजेड वाढला. लोक म्हणाले, प्रसन्न झाली. नारळांचा ढीग लागला, धान्य मात्र कोणी आणलं नाही, हे सुभद्राच्या लक्षात आलं.

"सांगून टाका ना," ती म्हणाली. "पानी मारलं म्हनून लाकूड कुजलं आन चमकून राहिलं, पावसाळ्यात रानात चमकते तसं."

"आन लोक इचारतीन, पानी काहून मारलं, तर?"

"तुमीबी मारता, असं म्हना."

"पाटलाले?"

नत्थुजी बैलांपाशी जात, गाडीचा आख दाबून पाहत, परत कोठीच्या दाराशी येत, परत बैलांपाशी. अकोल्याहून आलेला सुतार सांगत होता, लढाई संपत आली म्हणतात. चौथ्या दिवशी भाकऱ्या संपल्या. पाचव्या आणि सहाव्या दिवशी घर नैवेद्याच्या खोबऱ्यावर जगलं, म्हणजे लक्ष्मीने काहीच दिलं नाही असं म्हणता येणार नाही.

सातव्या दिवशी अमरावतीच्या एका व्यापाऱ्याचा गुमास्ता, गोवर्धन, लक्ष्मीचा कापूस पाहायला आला. नत्थुजींनी हात जोडले. "पूजेचा माल आहे. घेऊन जा."

गोवर्धनने जोडे काढले, नमस्कार केला आणि मग सवयीने ढिगात कोपरापर्यंत हात घातला. बाहेर काढून वास घेतला. हात धोतराला पुसला.

"काय म्हनते लक्ष्मी?" पाटलांनी विचारलं.

"ओली आहे," गोवर्धन म्हणाला. "आतून सडली. हे मी नेत नाही." मग दाराशी जमलेल्या गावाकडे पाहून म्हणाला, "बाकीच्यांचाबी पाहून घेतो. पयले तुमचाच, पाटील."

पाटलांच्या कोठीची किल्ली त्या दिवशी सापडली नाही. बाकीच्यांना शेतात कामं निघाली.

कापूस उकिरड्यात गेला. ओंडके अंगणात टाकले, दोन उन्हांत वाळले आणि विझले. कापूस टाकला त्याच संध्याकाळी सुभद्रा टोपली घेऊन शेरभर ज्वारी मागायला निघाली. पहिल्या घरापासून शेवटच्या घरापर्यंत गेली, पाटलांकडेही गेली.

ज्वारी त्या साली सोनवळमध्ये कोणीच पेरली नव्हती.