फुटाला बारा फूट

शिंप्याने उंबऱ्यापासून अंगणात निळ्या खडूची रेघ ओढायला घेतली, तेव्हा दुपार पार सुस्तावली होती. कापडावर आखायचा खडू फरशीवर किरकिरत होता. सहा फुटांवर तो थांबला. तीन फूट सोडून त्याने दुसरी रेघ ओढली आणि दोन्हींच्या मधून रमतगमत दाराकडे निघाला. दाराशी दोन पायऱ्या होत्या, मिळून फूटभर उंच. त्या आता त्याला दिसेनात. तिथे गुळगुळीत उतार होता, चाकांच्या खुर्चीत बायको बसली होती आणि मागून तो तिला अलगद ढकलत होता. ती काहीतरी सांगत हसत होती. पायरीला ठेच लागली तेव्हा कुठे तो भानावर आला.

पुढच्या शनिवारी ती इस्पितळातून सुटणार होती. पाय आता तिचं ऐकत नव्हते. तिने निक्षून सांगितलं होतं, "मला उचलून घरात न्यायचं असेल, तर मी येणारच नाही. भावाकडे जाईन." भावाच्या घराला एकही पायरी नव्हती. आणि ही बाई बोललेलं करून दाखवणारी, याचा अनुभव त्याने चाळीस वर्षं घेतला होता.

"सहा फूट बाय तीन," सिमेंटच्या दुकानात त्याने ऐटीत सांगितलं. "नुसतं पाणी घालून कालवायचं ते तयार काँक्रीट. किती पोती लागतील?"

"जाडी?" दुकानदाराने विचारलं.

शिंपी गडबडला. सारा जन्म त्याने लांबी-रुंदीवर काढला होता. कापडाची जाडी कोण मोजतो?

"दाराशी एक फूट," तो चाचरत म्हणाला. "खाली येईपर्यंत काहीच नाही."

"सहा त्रिक अठरा. उतार आहे म्हणून निम्मे, नऊ घनफूट. एका पोत्यात पाऊण घनफूट भरतं. म्हणजे बारा पोती."

निम्मे का, हे त्याला विचारावं लागलं नाही. चौकोनी कापडावर तिरकी कात्री चालवली की झग्याच्या दोन कळ्या निघतात, एक सुलटी, एक उलटी. त्याला एकच हवी होती. दुसरी थोडा वेळ त्याच्या डोळ्यांपुढे हवेत तरंगत राहिली.

"ढकलायला माणूस आहे ना?" दुकानदार म्हणाला. "सहा फुटांत चढ खडा होतो."

"मी आहे की!"

संध्याकाळी इस्पितळात त्याने बायकोला सगळा हिशेब घोकल्यासारखा म्हणून दाखवला. ती खिडकीबाहेर बघत होती. ऊन तिच्या पांघरुणावरून हळूहळू खाली सरकत होतं.

"चढ खडा आहे?" तिने विचारलं.

"मी ढकलणार ना. तू नुसती बस."

"आणि तुम्ही नसलात तर?"

"मी कुठे जातोय? भाजीला गेलो तरी अर्ध्या तासात परत."

तिने त्याच्या शर्टाच्या खिशावर हात ठेवला. आत त्याच्या छातीच्या दुखण्याच्या गोळ्या होत्या. पाकीट बारीकसं कुरकुरलं.

त्याला भीती वाटली. मरणाची नव्हे. त्याला आपलंच अंगण दिसलं, संध्याकाळचं. उताराच्या पायथ्याशी ती खुर्चीत बसली होती, वर दार होतं, आणि तिच्या मागे कोणीच नव्हतं.

सकाळी सिमेंटचं दुकान उघडायच्या आधीच तो तिथे जाऊन उभा राहिला.

"माणूस आपला आपण चढणार असेल तर?"

"मग फुटाला बारा फूट," दुकानदार कुलूप काढत म्हणाला. "फूटभर चढायला बारा फूट लांब उतार. चोवीस पोती. पण काल तुम्हीच म्हणालात ना, ढकलायला मी आहे म्हणून?"

"आहे," शिंपी म्हणाला. "चोवीसच द्या. सांडलवंडीला वर दोन."

गवंड्याने दोन दिवसांत काम उरकलं. नंतरचे दिवस शिंपी सकाळ-संध्याकाळ उतारावर पाणी मारत बसला. मशीनवर अर्धवट शिवलेलं पोलकं तसंच पडून होतं.

शनिवारी गाडी दारात आली.

"हात लावू नका हं," खुर्चीत बसता बसता बायको म्हणाली.

ती निघाली. निम्म्यावर थांबली. तो नकळत एक पाऊल पुढे गेला आणि तिथेच थबकला. तिने दम घेतला आणि पुन्हा चाकांवर जोर दिला. वर पोचल्यावर तिने दार ढकललं आणि मागे न बघता ती आत गेली.

अंगण रिकामं झालं. आत दिवा लागला. चाकं फरशीवरून स्वयंपाकघराकडे गेली, भांडं वाजलं, नळ सुरू झाला. तो खालीच उभा राहून ऐकत होता. त्याच्यावाचून तिचं काहीही अडलं नव्हतं. त्याचे डोळे भरून आले. बरंही वाटत होतं आणि आत काहीतरी तुटतही होतं.

नळ बंद झाला.

"अहो," आतून हाक आली, "बाहेर काय उभे राहिलात? या ना."