दहा मिनिटांचं कासव
राजांपुढे कुणी थेट बोलायचं नाही, बोआतेंगआजोबांच्या तोंडूनच बोलायचं, हा गावचा रिवाज. म्हणून कुमासी शहराहून पाणी तपासायला आलेल्या आफ्रियेने भरसभेत त्यांच्या कानात सांगितलं, “विहिरीत जंतू आहेत. पाणी दहा मिनिटं उकळूनच प्या.”

आजोबांनी सोन्याच्या मुठीची काठी आपटली आणि चक्क कासवाच्या लग्नाची गोष्ट सुरू केली. वऱ्हाड निघालं, ताडी कमी पडली, नवरीचा बाप रुसला. गाव हसून लोटपोट. आफ्रिये घड्याळाकडे बघत धुमसत होती. दहा मिनिटांनी कासव एकदाचं नवरीच्या दारात पोचलं, तशी ती तडकली, “आजोबा, मी जंतू म्हटलं, तुम्ही वऱ्हाड काय नाचवताय?”

“पोरी, चुलीपाशी घड्याळ कोण बघतंय?” आजोबा म्हणाले आणि गावाकडे वळले. “पाणी खळखळलं की ही गोष्ट सुरू करा. कासव दारात पोचलं की भांडं उतरवा.”

महिन्याने आफ्रियेने घरोघरचं पाणी तपासलं. कुठेच जंतू सापडले नाहीत. आजोबांच्या घरी मात्र पाणीच सापडलं नाही.

करपलेलं भांडं घासत आजी करवादल्या, “रोज गोष्टीला नवा मीठमसाला लावतात मेले! पाणी आटलं, बूड जळलं, तरी यांचं कासव आपलं वाटेतच!”