मेंदीखालचे तळहात

भावोजी वारल्यापासून माझी मोठी बहीण चंपाक्का चिकपेटेच्या कापडबाजारातल्या एका घाऊक दुकानात साड्या पारखायला बसत असे. गठ्ठा उलगडायचा, काठावरून बोटे फिरवायची, दोष आढळला की खडूची खूण करून साडी बाजूला टाकायची, नसला की कानडीत ‘सरी’, म्हणजे ठीक, म्हणून पुढे सरकवायची. वर्षभरापूर्वी मी तिला अस्थिमज्जा दिली होती. तरीही रक्ताचा कर्करोग परतला. मग डॉक्टर भार्गवींनी माझ्या रक्तातल्या टी-पेशी तिला देण्याचे ठरवले.

“त्या तुझ्यासारख्याच पारखी असतात, अक्का,” मी तिला समजावले. “प्रत्येक पेशी आपल्या आत काय चालले आहे त्याचा नमुना अंगावर मांडून ठेवते. टी-पेशी तो चाचपते. ओळखीचा असला तर पुढे जाते. परका वाटला तर त्या पेशीला बिलगते, तिच्या आवरणाला छिद्र पाडते, आत विषारी द्रव्य सोडते. मग ती पेशी आतल्या आत स्वतःला मोडून घेते. शेजारणीला धक्का लागत नाही.”

“बिलगून मारतात? आमच्या सासूबाईच म्हण की!”

मीही हसलो. पण डॉक्टरांनी बजावलेलेही सांगायचे होते. “माझ्या पेशींना तुझं अंगही परकं वाटू शकतं. तळहात लाल झाले, पुरळ उठलं, जुलाब झाले, तर त्याच दिवशी सांगायचं.”

तिचा चेहरा उतरला. ते मला पाहवले नाही. म्हणून मी म्हणालो, “घाबरू नकोस गं. भावाने माहेरची चोळी पाठवली आहे असं समज.”

हे एक वाक्य मला परत घेता आले असते तर!

नवरात्रात लहानशा पिशवीतून माझ्या पेशी तिच्या शिरेत उतरल्या. मी त्याच रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत काम करतो. दिवाळीच्या तोंडावर तिचा नमुना माझ्याच टेबलावर आला. कर्करोगाच्या पेशी जवळजवळ संपल्या होत्या. मी तो दोनदा तपासला आणि जिन्यात जाऊन एकटाच रडलो.

भाऊबीजेला तिने मला ओवाळले. तिच्या हातांवर मनगटापर्यंत गर्द मेंदी होती. भावोजी गेल्यापासून तिने मेंदीला हात लावला नव्हता. ती पुन्हा जगू पाहते आहे, असे मला वाटले.

“किती रंगली आहे गं!”

“भावाची माया,” ती म्हणाली आणि तबक ठेवून हात पदरात घेतले.

पाचव्या दिवशी ती दुकानात कोसळली. डोळे पिवळे झाले होते. वॉर्डात नर्सने ओल्या कापसाने तिचा तळहात पुसला, तेव्हा मेंदीसकट त्वचा सुटून आली. खाली सगळे लालभडक होते.

“केव्हापासून?” मी विचारले.

“दिवाळीच्या आधीपासून. पोटही तेव्हापासूनच बिघडलंय.”

“अक्का, सांगायचं होतंस ना!”

“माहेरच्या देण्याला नावं ठेवतात का रे?”

बाहेर डॉक्टर भार्गवी म्हणाल्या, “नंदकुमार, आठवडाभर आधी कळलं असतं तर...” पेशींना शांत करणारी औषधे सुरू झाली. पण माझ्या पेशी शांत झाल्या नाहीत. त्या तिच्या आतड्याला, यकृताला बिलगत राहिल्या.

एका दुपारी ती क्षीण आवाजात म्हणाली, “नंदू, सांग की रे त्यांना, मी तुझी अक्का आहे म्हणून.”

तिच्या रक्तात माझ्याच पेशी फिरत होत्या. पण माझा आवाज त्यांच्यापर्यंत पोहोचेल अशी एकही वाट मला ठाऊक नव्हती.

शनिवारी तिचा शेवटचा नमुना आला. कर्करोगाची एकही पेशी उरली नव्हती. अहवालावर सही करताना हात थांबला, पण जे दिसत होते ते खरेच होते. मी कागद तिच्याकडे नेला.

“काय लिहिलंय?”

“दोष नाही, अक्का. कुठेच नाही.”

पट्ट्यांनी बांधलेल्या हातांतून बोटांची टोके तेवढी बाहेर होती. त्या टोकांनी तिने कागदाची कड सावकाश चाचपली, वरून खालपर्यंत, जशी ती काठ चाचपत असे.

“सरी,” ती म्हणाली. “उशीखाली ठेव. घरी नेईन.”

मंगळवारी नर्सने तिच्या कपड्यांसोबत तो कागद मला परत दिला.