ताण्यासारखी वायर

"आक्का, मागाची वायर एवढी आवळू नगं. जरा झोळ सोड," असं नागराज म्हणाला, तेव्हा दिपालीनं धाकट्या भावाचं बोलणं हसण्यावारी नेलं होतं. तो मच्छे गावच्या कारखान्यात मशीनं दुरुस्त करायचा खरा, पण त्याच्या घरात रांगतं लेकरू कुठं होतं? लोंबती वायर दिसली की तिचा समर्थ ती ओढणार, तोंडात घालणार. आणि सासरे आण्णाप्पांचा तर जन्म वडगावात विणण्यातच गेलेला. "ढिला ताणा न् ढिली सून, दोन्ही घर बुडवत्यात," म्हणत त्यांनी, मागावरचे उभे धागे ताणावेत तशी, सुताच्या दोरीनं वायर मागाच्या सांगाड्याला गच्च बांधून टाकली.

आज सकाळपासून माग मधेच थांबत होता, मधेच आपसूक सुरू होत होता. "हाताला मुंग्या आल्यागत हुतंय गं," आण्णाप्पा सहज बोलले. म्हणजे मागाच्या सांगाड्यात करंट उतरत होता. कालच समर्थ मागाचा पाय धरून उभा राहिला होता!

तिनं मेन स्विच पाडला, समर्थला सासऱ्यांच्या मांडीवर दिलं. वायर दोन्हीकडून सोडवून झिरपलेला करंट जमिनीत नेणाऱ्या हिरव्या तारेच्या टोकांना नागराजनं देऊन ठेवलेल्या मीटरचे चिमटे लावले. मीटर वाजलं, म्हणजे तार सलग होती.

"बघ, चांगली हाय की! उगंच घोर लावून घेतीस," आण्णाप्पा म्हणाले.

"थांबा आप्पा."

ती वायर थोडी थोडी वाकवत पुढं सरकली. दोरीच्या गाठीपाशी आवाज तुटला. सोडली, आला. वाकवली, गेला. वीज आणणाऱ्या लाल तारेचंही तेच, म्हणून माग मधेच थांबत होता. वरचं कव्हर धड, आत तारा मोडलेल्या. माग हादरायचा, वायरीला हलायला जागाच नव्हती. सगळे हिसके त्या एका गाठीवर.

"नवी वायर भिंतीवर उंचावरनं आणू, झोळ सोडून. समर्थचा हात पोचणार न्हाय," ती म्हणाली. "आणि करंट मोटरीतनंच उतरत असंल; ती तपासल्याबिगर माग सुरू न्हाय."

आण्णाप्पा हळूच म्हणाले, "शहापुरातल्या जयाबाईच्या मागाची वायर बी मीच बांधलीया. अशीच."

जयाबाई एकट्या राहायच्या. दिपालीनं फोन लावला. वाजत राहिला. मागाच्या खडखडाटात ऐकू येत नसेल, तिनं मनाला समजावलं. पुन्हा लावला. समर्थला कडेवर घेऊन ती रिक्षा शोधत निघाली.

तुम्ही शहापुरात असाल, तर तिच्या आधी पोचाल. तिचं एवढं ऐका: जयाबाईंना दारातूनच हाक मारा. ओ आली, तर मेन स्विच पाडायला सांगा. नाही आली, तर कशालाही हात लावायच्या आधी तुम्हीच पाडा. पण जा.