चौथ्या टाकीतले शेवाळ

"ताई, अहो ताई, इकडे या आधी! राहू द्या हातातलं!"

भावजयीची हाक ऐकून ती उठली, पण घाई केली नाही. हातातली गाळणी नीट निथळवून तिने खुंटीला अडकवली, हात पुसले आणि मग चौथ्या टाकीपाशी गेली. भावजय काचेला नाक चिकटवून उभी होती.

"ते बघा, मागच्या भिंतीला, शेवाळात. टाचणीच्या डोक्याएवढं काहीतरी. एक नाही, कितीतरी आहेत."

ती वाकली. हिरव्या तंतूंत काचेसारखे स्वच्छ मणी अडकले होते.

"अंडी आहेत," ती म्हणाली. दोन वर्षे ज्या शब्दासाठी जीव टांगणीला लागला होता, तो शब्द तोंडातून निघाला तेव्हा मात्र तिला आनंद झाला नाही. कारण टाकी चौथी होती, आणि चौथी टाकी भावजयीकडे होती.

बोटाच्या पेराएवढा, मातकट रंगाचा, कल्ल्याजवळ निळी रेघ असलेला या टाक्यांतला मासा जगात एकाच झऱ्यात राहत असे. झरा तीन तासांच्या वाटेवर, खारट माळरानात होता. आजूबाजूच्या बोअरवेल खोल गेल्या आणि झऱ्याचे पाणी घोट्यापर्यंत उतरले, त्या साली ताईनेच त्रेसष्ट मासे दुधाच्या दोन कॅनमध्ये भरून आणले होते. वाटभर कॅनभोवतीची पोती ओली करत ती ट्रकच्या मागच्या बाजूला बसली होती. त्याला एकोणीस वर्षे झाली. तेव्हापासून मासे या मत्स्यसंवर्धन केंद्रातल्या टाक्यांत होते आणि ती सगळ्यांची 'मासेताई' झाली होती. कोपर बुडवून ती पाण्याची ऊब सांगे, आणि थर्मामीटर तिच्या शब्दाबाहेर जात नसे. टाक्या तर अशा लखलखीत, की पाहुणे म्हणत, काच आहे की नाही तेच कळत नाही! तरीही दरसाल पिल्ले कमी होत गेली. गेल्या दोन वर्षांत एकही नाही. आता एकतीस मासे उरले होते, तेही उतारवयाचे.

भावजयीला रोजंदारीवर टाक्या धुवायला तिनेच लावले होते. आई-वडील गेल्यापासून ती धाकट्या भावाच्या घरी मागच्या खोलीत राहत होती. भावजयीच्या संसाराला ना शेंडा ना बुडखा. वाळलेले कपडे दोन दोन दिवस खुर्चीवर पडलेले, दूध दिवसाआड उतू गेलेले. पण पोरे तिच्याच गळ्यात पडत आणि नवरा तिच्याच बोलण्यावर खदखदून हसे. मासेताईला घरात मान होता. मान असणाऱ्या माणसाच्या गळ्यात कोणी पडत नाही.

"ही भिंत घासली नव्हतीस?" तिने विचारले.

भावजयीने जीभ चावली. "अंगठा कापला होता ना माझा. तीन आठवडे झाले. म्हटलं, मागची भिंत कोण बघतंय? रागावू नका हं ताई."

केंद्राचे साहेब आले, भिंग लावून बघत राहिले. मग म्हणाले, "म्हणजे अंडी आधीही घालत असणार. आडोसाच नव्हता, मोठे मासे लगेच गट्टम करत असणार. ताई, आपण फारच स्वच्छता ठेवली."

साहेब 'आपण' म्हणाले, ते त्यांच्या चांगुलपणामुळे. त्या 'आपण'मध्ये तिच्याशिवाय कोणी नव्हते. मध्यंतरी तिने अंड्यांसाठी लोकरीचे झुबके सोडून पाहिले होते, पण तेही ती रोज धुऊन काढत असे.

घरी भावजयीने ताटावर बसल्या बसल्या सगळी हकिगत सांगितली. भाऊ हसत सुटला. "बघ ताई, तुझी एकोणीस वर्षं एकीकडे आणि हिचा एक आळस एकीकडे!"

सगळे हसले, तीही हसली. मग उठून ती आपले ताट घासायला बसली. घर हिचे, भाऊ हिचा, पोरे हिची, आणि आता मासेही हिचेच. तिने मेहनत करावी आणि हिने नुसते उभे राहावे, तर पदरात हिच्याच पडावे, हा कुठला न्याय?

चौथ्या दिवशी धाकट्या मुलीला ताप आला म्हणून भावजय घरी राहिली. दुपारी टाक्यांच्या खोलीत मासेताई एकटीच होती. बाहेर गरम वारा खिडकीच्या जाळीवर वाळू मारत होता. तिने ब्रश घेतला, बाही वर केली आणि हात चौथ्या टाकीत घातला. सवयीने झाले असे ती नंतर म्हणू शकली असती. पण ब्रश भिंतीला टेकला तेव्हा आपण काय करतोय हे तिला पुरते ठाऊक होते. एक वीत शेवाळ खरवडून निघाले आणि ब्रशला चिकटून वर आले.

ते झटकायला तिने ब्रश उजेडात धरला. एका अंड्यात दोन काळे डोळे होते. आतला जीव पुरता गोल वळला आणि पुन्हा स्थिर झाला.

ती ओल्या फरशीवर बसली. मग धडपडून उठली, चिनी मातीची बशी आणली, टाकीतलेच पाणी तिच्यात घेतले आणि ड्रॉपरने एकेक अंडे सोडवू लागली. संध्याकाळपर्यंत अडतीस अंडी निघाली. काही तेव्हाच मरून पांढरी पडली होती.

"अंडी बरी आहेत ना?" घरी भावजयीने विचारले. तिने हो म्हणून मान हलवली. पण सकाळी कामावर आल्यावर तिने बशी भावजयीपुढे ठेवली.

"ही भिंतीवरची आहेत. काल मी घासलं."

"हात गेला असेल हो सवयीनं."

"नाही. सवयीनं नाही."

भावजय बशीकडे बघत राहिली. तिचा चेहरा उतरला. "एवढं काय वाकडं केलं होतं मी तुमचं?"

"काहीच नाही," ती म्हणाली. "तू काहीच करत नाहीस, तरी सगळं तुझ्याकडे चालत येतं. तेच सहन होईना."

मग भावजयीने पदर खोचला. "घरी ह्यांना नका सांगू. चेष्टा करतील, आणि ती तुम्हाला लागेल." ड्रॉपर उचलत ती म्हणाली, "आता दाखवा, हे पाणी बदलायचं कसं. मला एवढं नाजूक जमत नाही."

साहेबांना तिने स्वतःच सांगितले. त्यांनी चष्मा काढून पुसला. "रिपोर्टात घालावं लागेल, ताई."

"घाला."

भिंतीवरच्या अंड्यांतून दोनशेवर पिल्ले निघाली. बशीतून अकरा. महिन्याभरात खोलीची जबाबदारी भावजयीकडे गेली. मासेताई तिच्या हाताखाली काम करू लागली आणि चुकले तिथे सांगत राहिली. भावजय ऐके. तिने तोरा दाखवला असता तर बरे झाले असते, असे मासेताईला कितीदा वाटले. राग तरी धरता आला असता.

झऱ्याभोवतीच्या बोअरवेल सरकारने बुजवल्या. दोन पावसाळ्यांनंतर पाणी कमरेपर्यंत चढले आणि मासे परत सोडायचा दिवस ठरला. काठावर साहेब, पाहुणे, फोटोग्राफर अशी गर्दी जमली. बादली भावजयीच्या हातात होती. दगड निसरडे होते आणि ती भेदरली होती.

"ताई, मी पडेन हो!"

मासेताईने चपला काढल्या, साडी वर खोचली आणि आधी स्वतः पाण्यात उतरली. "माझ्या खांद्यावर हात ठेव. डावा पाय टाक. आता बादली तशीच बुडव, ओतू नकोस. पाण्याला पाणी मिळू दे."

"बाई, तुम्ही जरा बाजूला होता का?" फोटोग्राफर ओरडला. "यांच्या मध्ये येताय."

भावजय काही बोलायच्या आत ती बाजूला झाली. तो जुना हेवा पुन्हा वर आला. गुडघाभर पाण्यात तशीच उभी राहून तिने तो सोसला. पाणी कोमट होते, एकोणीस वर्षे तिने टाक्यांत राखले तेवढेच.

मासे बादलीतून निघाले. क्षणभर एका जागी थरथरले. मग सगळे एकदम वळले आणि तिच्या दोन्ही पायांमधून पलीकडच्या लव्हाळ्यात गेले. एकही थांबला नाही.

"गेले का हो, ताई?" भावजयीने विचारले.

"गेले," ती म्हणाली. पाणी गढूळ होऊ नये म्हणून ती आणखी थोडा वेळ न हलता उभी राहिली.